सत्तेचाळीस करंडकांचं हस्तांतरण

माझी आई पुढच्या महिन्याच्या चार तारखेला अठरा वर्षांची होणार होती, आणि आमच्या सगळ्या अडचणीचं मूळ त्यातच होतं.

तसं पाहिलं तर त्या दिवशी तिला बहात्तर पूर्ण होणार होती. पण माणसाचं खरं वय आणि कागदावरचं वय यांत फरक पडला, तर कागदावरचं धरायचं, हे मी सव्वीस वर्षं लोकांना खिडकीतून सांगत आलो आहे. तेव्हा या बाबतीत तक्रार करायला मला तोंड नव्हतं. मी नोंदणी कार्यालयात अभिलेख शाखेचा मुख्य लिपिक आहे. लोकांची नावं, तारखा, पत्ते बरोबर आहेत की नाहीत हे बघणं आणि नसले तर अर्ज परत करणं हे माझं काम. अर्जातली चूक मला अर्ज उघडायच्या आधी दिसते, असं आमचे साहेब म्हणतात. ते कौतुकानं म्हणतात असा माझा समज आहे.

सुरुवात डोळ्यांच्या डॉक्टरांपासून झाली. आईचे डोळे तपासून ते म्हणाले, “आजी, दिवसभर जवळचं बारीक काय बघता? शिवण?”

“शर्यती,” आई म्हणाली.

आठ वर्षांपूर्वी आईच्या गुडघ्याचं ऑपरेशन झालं तेव्हा पडल्या पडल्या वेळ जावा म्हणून मी तिला हातात धरून खेळायची गेमची एक डबी आणून दिली. ती पत्ते लावत बसेल अशी माझी कल्पना होती. पण त्या डबीबरोबर मोटारींच्या शर्यतीचा गेम फुकट मिळाला होता, आणि आईनं पत्त्यांकडे ढुंकूनही पाहिलं नाही. गुडघा तीन महिन्यांत बरा झाला, शर्यती चालूच राहिल्या. त्या गेममध्ये एकूण अठ्ठेचाळीस करंडक आहेत. आईनं सत्तेचाळीस जिंकले होते. राहिला होता तो ‘बर्फाचा घाट’. त्यात एकापाठोपाठ पाच शर्यती आहेत, आणि पाचवीत रस्त्याला कठडाच नाही.

डॉक्टर म्हणाले, “डबी बंद. टीव्ही आठ फुटांवरून चालेल.”

आईनं एकच विचारलं, “टीव्हीवर शर्यती दिसतात का?”

दिसतात, असं दुकानात कळलं. टीव्हीला जोडायचं एक खोकं मिळतं. हाच गेम त्या खोक्यातही आहे, आणि डबीतली प्रगती, म्हणजे करंडक, मोटारी वगैरे सगळं, जसंच्या तसं खोक्यात नेता येतं. खोक्याच्या वेष्टनावर मागच्या बाजूला, डॉक्टरांनी आईला मनाई केलेल्या आकाराच्या अक्षरांत छापलं होतं की ही सोय चालू महिन्याच्या एकतीस तारखेला बंद होईल, त्यानंतर डबीतलं डबीतच राहील. आम्ही खोकं आणलं एकोणीस तारखेला. म्हणजे बारा दिवस हातात होते. बारा दिवसांत आमच्या कार्यालयात अर्जाला आवक क्रमांकसुद्धा पडत नाही, पण हे घर होतं.

“एवढी यातायात कशाला?” बायको म्हणाली. “नव्यानं खेळू द्या ना त्यांना. तेवढाच वेळ जाईल.”

आईनं डबी मांडीवर ठेवली. “आठ वर्षं लागली मला इथवर यायला,” ती म्हणाली. “पुन्हा आठ म्हणजे एकोणऐंशी. एक घाट तेवढा राहिलाय गं.”

आई कधी काही मागत नाही. चहात साखर कमी पडली तरी तसाच पिते. ते ऐकून मला गलबलून आलं, आणि त्या भरात मी बोलून गेलो, “तू काळजी करू नकोस. हस्तांतरण म्हणजे माझ्या हातचा मळ आहे. मी रोज दहा फायली एका शाखेतून दुसऱ्या शाखेत पाठवतो.”

बायको माझ्याकडे बघून स्वयंपाकघरात निघून गेली. तिचा माझ्यावर विश्वास आहे, पण तो ती उघड दाखवत नाही.

दुसऱ्या दिवशी त्या दोघी चष्म्याच्या दुकानात गेल्या असताना मी खोकं जोडलं. आईचं नाव घातलं, आणि यंत्र नीट चालतं की नाही हे बघण्यासाठी, केवळ तपासणी म्हणून, एक शर्यत खेळलो. शर्यतीत बारा मोटारी होत्या. माझा क्रमांक बारावा आला. अकरावा माझ्या इतका आधी पोचला होता की मी शेवटच्या वळणावर होतो तेव्हा बक्षीस समारंभ उरकलेला होता. यात माझा दोष नव्हता, मोटार डावीकडे ओढत होती. मी टीव्ही बंद केला आणि ही गोष्ट कुणालाही सांगितली नाही.

आता प्रगती न्यायची कशी, हे मी खोक्याबरोबर आलेल्या पुस्तिकेत वाचत बसलो होतो तेवढ्यात वरच्या मजल्यावरचे इंजिनिअर आले. हे टेलिफोन खात्यातून निवृत्त झालेले. बिल्डिंगमध्ये कुणाच्या घरी नवं खोकं आलं की त्यांना जिन्यातच वास लागतो. जगातल्या सगळ्या अडचणी वायरीनं सुटतात असं त्यांचं मत आहे.

“पुस्तिका काय वाचता?” ते म्हणाले. “इथून तिथं न्यायचंय ना? मग वायर लावा.”

“यात लिहिलंय की दोन्ही यंत्रांवर आधी खातं उघडून—”

“ते लिहिणारे लिहितात. वायर आहे माझ्याकडे.”

त्यांनी वरून एक पत्र्याचा डबा आणला. त्यात त्यांच्या पस्तीस वर्षांच्या नोकरीतली एकूण एक वायर होती. दोन तास आम्ही वायरी लावून पाहिल्या. एक अखेर डबीला बसली, पण तिचं दुसरं टोक कशालाच बसेना. मग त्यांनी टीव्हीच्या मागं हात घातला, काही बटणं दाबली, आणि आमचा टीव्ही बोलायला लागला.

म्हणजे तो बोलतच होता आधीही. पण आता पडद्यावर जे जे अक्षर उमटेल ते ते एक बाई आतून मोठ्यानं वाचून दाखवायला लागली. अंध माणसांसाठी अशी सोय असते म्हणे. बाईचे उच्चार अतिशय शुद्ध होते आणि आवाज कमी करायची सोय तिला लागू नव्हती. “मुख्य पान. खेळ. मोटार शर्यत. सुरू करा,” असं ती म्हणाली तेव्हा समोरच्या बिल्डिंगमधल्या एका बाईनं खिडकी उघडून पाहिलं.

“हे बंद करा,” मी म्हटलं.

इंजिनिअरांनी आणखी चार बटणं दाबली. “आता हे असंच राहील,” ते म्हणाले. “पण बघा, ऐकू किती स्वच्छ येतं.” आणि डबा उचलून ते वर गेले.

शेवटी, त्या दोघी घरी परत आल्यावर, मी पुस्तिकेप्रमाणे गेलो. खोक्यावर आईच्या खात्यात शिरलो, ‘प्रगती आणा’ हे बटण दाबलं, आणि टीव्हीतल्या बाईनं सगळ्या आळीला ऐकू जाईल असं जाहीर केलं, “तुम्ही अज्ञान आहात. पालकांची परवानगी आवश्यक.”

“कोण अज्ञान?” आईनं विचारलं.

मी मदतकेंद्राला फोन लावला. चाळीस मिनिटं संगीत ऐकल्यावर एक मुलगी बोलायला लागली. बोलणं आईलाही कळावं म्हणून मी फोनचा स्पीकर लावला, ही माझी चूक झाली.

“आपल्या मुलीची जन्मतारीख सांगता का, सर?”

“मुलगी नाही, आई आहे.”

“आमच्या नोंदीत त्या सतरा वर्षांच्या आहेत, सर.”

“ती नोंद चुकीची आहे.”

“नोंद कुणी केली होती?”

हा प्रश्न मी स्वतः खिडकीत बसून दिवसातून सहा वेळा विचारतो. तो ऐकणाऱ्याला कसा लागतो हे मला त्या दिवशी पहिल्यांदा कळलं.

नोंद मीच केली होती. आठ वर्षांपूर्वी डबीनं सुरू होतानाच जन्मतारीख विचारली. तारीख चार, महिना बरोबर, इथपर्यंत मी चोख होतो. पण सालासाठी एक चक्र होतं, ते अंगठ्यानं मागं फिरवायचं, आणि ते चालू सालापासून सुरू होत होतं. आईच्या जन्मापर्यंत मागं जायचं म्हणजे त्रेसष्ट वर्षं. नऊ वर्षं मागं गेल्यावर माझा अंगठा दुखायला लागला. म्हटलं, गेमच तर आहे, कोण बघतंय. ‘कोण बघतंय’ म्हणणाऱ्या लोकांचे अर्ज परत करण्यात मी आयुष्य घालवलं आहे.

त्या मुलीनं दोन मार्ग सांगितले. एक, आईच्या जन्माचा दाखला पाठवून नोंद दुरुस्त करून घ्यायची. त्याला एकवीस कामाचे दिवस लागतील. दुसरा, पालकांनी परवानगी द्यायची. ती आजही मिळेल. खातं उघडताना पालकाचा जो मेल दिला होता त्यावर एक आकडा येईल, तो घातला की झालं.

“मेल कुठला दिलाय मी?”

तिनं वाचून दाखवला. तो माझा कार्यालयाचा मेल होता. मी घरचा मेल कधी उघडलाच नाही, तो रिकामटेकड्यांचा उद्योग वाटायचा मला. आणि कार्यालयाचे ते जुने मेल तीन वर्षांपूर्वी नवी यंत्रणा आली तेव्हा बंद झाले होते.

“मग दुसरा मेल देतो.”

“मेल बदलायचा तर जुन्या मेलवर संमती मागवली जाते, सर.”

हे ऐकून मला बरं वाटलं, हे मी कबूल करतो. नियम म्हणून तो उत्तम होता. पण फोन ठेवल्यावर आई माझ्याकडे बघत बसली होती.

“म्हणजे मी अजून लहान आहे?”

“कागदावर.”

“आणि तू माझा पालक?”

“कागदावर.”

“एवढा मोठा झालास आणि आम्हाला सांगितलं नाहीस,” आई म्हणाली. मग डबी उचलून तिनं पदरानं तिची काच पुसली आणि कपाटात ठेवून दिली. तिची ती सवयच होती, पण त्या दिवशी मला ते बघवलं नाही.

आता कार्यालयाकडे येऊ. बंद झालेले जुने मेल आमच्या अभिलेख शाखेच्या ताब्यात आहेत. ते उघडण्याबाबत एक नियम आहे, नियम सतरा. रीतसर अर्ज, कारण, शाखाप्रमुखाची मंजुरी. मंजुरी मिळाल्यास मेल फक्त एक कामाचा दिवस उघडा राहील. कुणालाही स्वतःचा अर्ज स्वतः मंजूर करता येणार नाही. आणि एकदा उघडलेला मेल पुन्हा वर्षभर उघडता येणार नाही. हा नियम इतका पक्का आहे की तीन वर्षांत त्याखाली एकही अर्ज मंजूर झालेला नाही. नियम मी लिहिला आहे, शाखाप्रमुखही मीच आहे.

मी अर्ज केला. माझ्या हाताखाली एक बाई आहेत, दुसऱ्या टेबलावर बसतात. छाननी त्यांच्याकडे असते. बाई अबोल आहेत, हुशार आहेत, आणि त्यांना मी तयार केलं आहे. त्यांनी अर्ज वाचला आणि परत दिला.

“काय झालं?”

“कारणात ‘आईची शर्यत’ लिहिलंय, सर. शर्यत हे कार्यालयीन कारण होत नाही.”

मी कारण बदललं. ‘कौटुंबिक अभिलेखाचे हस्तांतरण.’ अर्ज परत आला. निळी शाई. काळ्या शाईनं लिहिला. परत आला. सही चौकटीबाहेर गेली होती. चौथ्यांदा त्यांनी अर्जाच्या कोपऱ्यात माझाच शेरा, माझ्याच वळणाच्या अक्षरात लिहून दिला: ‘त्रुटींची पूर्तता करून सादर करावा.’ मला राग आला, पण आतून कुठंतरी अभिमानही वाटला. शिकवलेलं वाया गेलं नव्हतं. यात सहा दिवस गेले.

सातव्या दिवशी अर्ज निर्दोष झाला आणि मंजुरीसाठी माझ्याच टेबलावर आला. मी पेन उचललं, आणि नियम आठवून खाली ठेवलं.

मी साहेबांकडे गेलो. त्यांनी नियम सतरा मागवून घेतला आणि सावकाश वाचला.

“फार चांगला नियम आहे,” ते म्हणाले. “कुणी केला?”

“मी, साहेब.”

“वाटलंच.” त्यांनी फाइल बंद केली. “आता असं करा. तुम्ही एक दिवस रजा घ्या. तुम्ही रजेवर गेलात की शाखेचा चार्ज बाईंकडे जातो. मग मंजुरीचा अधिकार त्यांचा. तुम्ही बाहेरून या, सगळे येतात तसे.”

रजेच्या अर्जाला तीन दिवस लागले. अशा रीतीनं एकतीस तारखेला, शेवटच्या दिवशी, मी सव्वीस वर्षांत पहिल्यांदा आमच्या कार्यालयात पुढच्या दारानं शिरलो.

बाहेरच्या बाकाला पाठ नाही, हे मला माहीत नव्हतं. खिडकीतून तो बाक दिसतो, पण बसलेल्यांची फक्त डोकी दिसतात. बाकावर एक गृहस्थ होते. त्यांना मी लगेच ओळखलं, कारण त्यांचा अर्ज मी सात वेळा परत केला होता. आमच्या शाखेत त्यांना ‘सात खेपा’ म्हणतात. त्यांनीही मला ओळखलं, आणि सरकून जागा दिली.

“तुमचं काय राहिलंय?” त्यांनी विचारलं.

“काही नाही. सगळं पूर्ण आहे.”

“पहिल्या खेपेला असंच वाटतं,” ते म्हणाले. मग पिशवीतून काळं पेन काढून माझ्या हातात दिलं. “राहू द्या जवळ. खिडकीतलं पेन लिहीत नाही.”

ते पेन लिहीत नाही, हेही मला माहीत नव्हतं.

एक वाजायला पाच मिनिटं असताना माझा नंबर आला आणि खिडकी बंद झाली. जेवणाच्या सुट्टीआधी पाच मिनिटं खिडकी बंद करावी, म्हणजे आवराआवर नीट होते, अशी तोंडी सूचना मीच देऊन ठेवली होती. काचेच्या आतून बाई माझ्याकडे बघून नमस्कार करत होत्या.

“दोनला उघडते,” सात खेपा म्हणाले. “म्हणजे सव्वादोनला.” तेवढ्या वेळात मी त्यांना आईचे करंडक आणि राहिलेला बर्फाचा घाट सांगितला.

सव्वादोनला बाईंनी अर्ज घेतला, तीनदा वाचला, आणि मंजूर केला. मला खिडकीतूनच एक जुना संगणक बाहेर वळवून देण्यात आला, कारण रजेवरच्या माणसाला आत येता येत नाही. मी घरी फोन लावला. एका हातानं संगणक चालवायचा म्हणून फोन खिडकीच्या फळीवर ठेवला आणि स्पीकर लावला. या बाबतीत मी अनुभवानं शहाणा होत नाही.

“आई, खोकं चालू आहे ना? डबी शेजारी ठेवलीस? आता ‘प्रगती आणा’ दाब.”

“दाबलं.”

“तुम्ही अज्ञान आहात,” टीव्हीतली बाई आमच्या कार्यालयात गरजली. “पालकांची परवानगी आवश्यक.” बाकावरची आठ-दहा माणसं वळून बघायला लागली.

इकडे माझ्या जुन्या मेलवर पत्र आलं. आकडा होता, पण त्याच्या आधी एक चौकोन होता. त्यापुढे लिहिलं होतं: ‘वरील मुलीची माहिती माझ्या माहितीप्रमाणे सत्य आहे.’ चौकोनात खूण केल्याशिवाय आकडा दिसणार नव्हता.

माझा हात थांबला. चुकीच्या जन्मतारखेखाली, सत्य आहे म्हणून, मी खूण करायची. खिडकीच्या आत बाई बघत होत्या. बाहेर सात खेपा बघत होते. त्यांच्या अर्जात दारापुढच्या गल्लीचं नाव दोन कागदांवर दोन तऱ्हेनं लिहिलेलं होतं, एवढंच होतं. मी त्यांना म्हटलं होतं, खोटं आहे असं मी म्हणत नाही, पण सत्य आहे असं मी लिहून देऊ शकत नाही.

“काय झालं रे?” फोनमधून आई म्हणाली. “होत नसेल तर राहू दे. तू जिवाला लावून घेऊ नकोस. सत्तेचाळीस काही कमी नाहीत.”

मी खूण केली. आकडा आला. मी तो वाचून दाखवला, आईनं घातला, आणि टीव्हीतली बाई म्हणाली, “तुमच्या पालकांनी परवानगी दिली आहे. अभिनंदन.” बाकावर कुणीतरी टाळी वाजवली.

इथं खरं तर सगळं संपायला हवं होतं. पण टीव्हीतली बाई पुढे वाचायला लागली.

“या यंत्रावर तुमच्या नावाची आधीची नोंद आहे. एकूण शर्यती, एक. क्रमांक, बारावा. वेळ, एकोणीस मिनिटे. कोणती नोंद ठेवायची?”

मी कपाळाला हात लावला.

“बारावा?” आईनं विचारलं. “हे कोण खेळलंय?”

मी फोनचा आवाज कमी करायचं बटण शोधायला लागलो.

“माझ्या नावावर बारावा कोण आलाय? सूनबाई, तू खेळलीस?”

“छे हो,” मागून बायकोचा आवाज आला. “आपण चष्मा आणायला गेलो होतो तेव्हा घरी हेच होते.”

“मोटार डावीकडे ओढत होती,” मी फोनला सांगितलं. बाईंनी खाली मान घालून एक फाइल उघडली. ती फाइल उलटी होती.

मग मी भानावर आलो, कारण मामला गंभीर होता. आमच्याकडे एकाच नावाच्या दोन नोंदी निघाल्या की ज्या शाखेत फाइल येते तिथली नोंद कायम राहते आणि आलेली रद्द होते. इतक्या वर्षांची सवय जिभेवर असते. मी म्हटलं, “आई, काही दाबू नकोस. नियमाप्रमाणे खोक्यावरची नोंद कायम—”

“काय कायम? तुझा बारावा?”

“नाही म्हणजे, पद्धत अशी—”

“तू गप्प बस,” आई म्हणाली. लहानपणी परीक्षेत मला तीन मार्क कमी पडले तेव्हा ती याच आवाजात बोलली होती. “मी वाचलंय. डबीतलं ठेवा, असं बटण आहे. तेच दाबलंय.”

टीव्हीतली बाई टक्के मोजायला लागली. चार टक्के. अकरा टक्के. बाकावरची माणसं खिडकीपाशी गोळा झाली होती. एकोणचाळीसवर ती थांबली आणि कुणीच श्वास घेईना. मी आयुष्यात देवाकडे बढतीसुद्धा मागितलेली नाही, पण त्या वेळी मी मनातल्या मनात म्हटलं, तिचं तेवढं जाऊ देऊ नकोस. मग ती म्हणाली चाळीस, आणि पुढे शंभरापर्यंत थांबली नाही.

“करंडक, सत्तेचाळीस,” ती म्हणाली.

“आले रे,” आई म्हणाली. “सगळे आले. निळी गाडीपण आली.” आणि तिचा आवाज बदलला म्हणून मी फोन उचलून स्पीकर बंद केला.

त्या संध्याकाळी आई टीव्हीपासून मोजून आठ फुटांवर खुर्ची टाकून बसली. बर्फाचा घाट लावला. पहिली शर्यत जिंकली, दुसरी, तिसरी, चौथी. पाचव्या शर्यतीत बिनकठड्याच्या वळणावर ती पहिली होती, आणि पडदा काळा झाला.

“आजचा तीस मिनिटांचा वेळ संपला आहे,” टीव्हीतली बाई म्हणाली. “अज्ञान खेळाडूंनी जास्त वेळासाठी पालकांच्या मेलवर विनंती पाठवावी.”

डबीत असली अट कधी नव्हती. आईनं माझ्याकडे पाहिलं. मी घड्याळाकडे पाहिलं. साडेसहा वाजले होते. साडेपाचला माझा मेल नियम सतराप्रमाणे बंद झाला होता, तो वर्षभरासाठी. आणि बर्फाच्या घाटाला आईला बत्तीस मिनिटं लागत होती.

दुसऱ्या दिवशी मी कामावर रुजू झालो. खिडकीत पहिला अर्ज सात खेपांचा. मी तो कोतवालासारखा तपासला नाही. दोन्ही कागदांवरची गल्ली एकच आहे हे मला सहा महिन्यांपूर्वीच कळलं होतं. शिक्का मारला आणि दाखला पुढे केला. त्यांनी तो लगेच घेतला नाही.

“नीट बघा,” ते म्हणाले. “काहीतरी राहिलं असेल.”

“काही राहिलं नाही.”

ते अर्धा तास बाकावर बसून दाखला उलटसुलट बघत होते. जाताना त्यांनी विचारलं, “आईंचा घाट झाला का?” मी म्हटलं, चार तारखेला बघू.

पुढच्या तिन्ही संध्याकाळी आईनं चारच शर्यती खेळल्या आणि पाचवी सुरू व्हायच्या आधी स्वतःच बंद केलं. चिडली नाही. “घाईत घाट चढू नये,” एवढंच म्हणाली. इंजिनिअर रोज येऊन विचारायचे की वायर लावू का. बायकोनं त्यांना दारातूनच परत पाठवलं.

चार तारखेला मी रजा टाकली. आईनं सकाळी आंघोळ करून, नवा चष्मा लावून खोकं चालू केलं. टीव्हीतली बाई म्हणाली, “वाढदिवसाच्या शुभेच्छा. आजपासून तुम्ही सज्ञान आहात. वेळेची मर्यादा काढली आहे.”

चौतिसाव्या मिनिटाला, दोन मिनिटं उशिरा का होईना, आईची निळी गाडी घाट उतरून पहिली आली. ती उठली नाही, ओरडली नाही. हातातलं यंत्र मांडीवर ठेवून पडद्यावरचा अठ्ठेचाळिसावा करंडक बघत राहिली. बायकोनं डोळे पुसले. मीही पुसले.

मग टीव्हीवर आणखी एक प्रश्न आला. बाईनं तो वाचला, “तुमच्या खात्याला पालक जोडलेले आहेत. तुम्ही सज्ञान झाल्यामुळे त्यांची गरज नाही. पालक ठेवायचे की काढून टाकायचे?”

आई माझ्याकडे वळली. मी सोफ्याच्या कडेला उभा होतो.

“ठेवू का तुला?” तिनं विचारलं.

“तुझी मर्जी,” मी म्हटलं. आणि सोफ्यावरची उशी सरळ करायला लागलो.

आईनं मांडीवरचं यंत्र बाजूला ठेवलं. “ठेवीन,” ती म्हणाली. “पण रीतसर अर्ज दे.”

मी आतल्या खोलीत जाऊन अर्ज लिहिला. काळ्या शाईनं. कारण दिलं, सही चौकटीत केली, दोन प्रती काढल्या. आईनं नवा चष्मा नाकावर सरकवून तो पहिल्या ओळीपासून शेवटपर्यंत वाचला आणि माझ्या हातात परत ठेवला.

खाली तारीख घालायची राहिली होती.